पारसिकच्या पोटातला काल्पनिक दप्तरखाना: पावसाळ्यात आधी काय बिघडेल?

खाडीकाठ (प्रश्न)

दिवाळी अंकासाठी एक दीर्घकथा चालू आहे. त्यातला दप्तरखाना काल्पनिक आहे: कळवा आणि मुंब्र्याच्या मधे, पारसिकच्या डोंगराखाली ४० मीटर खोल. तिथे हरवलेल्या काळाचे अवशेष सांभाळले जातात. कथेत खोटं गृहीतक एकच. प्रत्येक वस्तूत एकेक वर्ष अडकलंय, आणि वस्तू नष्ट झाली की ते वर्ष सगळ्यांच्या आठवणीतून पुसलं जातं. बाकी सगळं खरं हवं. जादूने धोकादायक झालेल्या वस्तू नकोत, मुळातच धोकादायक असलेल्या हव्यात.

ऐवज असा: ३५ मिमी नायट्रेट फिल्मचे ६ डबे, त्यात ‘आलम आरा’च्या काळातला, एकही प्रत न उरलेला एक बोलपट. रेडियमच्या तबकडीची लष्करी घड्याळं आणि होकायंत्रं मिळून ४० नग. पाऱ्याचा एक उभा बॅरोमीटर. लाल रुमालात बांधलेल्या १२ पोथ्या. प्रयोगशाळेतली एक जुनी बाटली, बुचाभोवती पिवळी खर धरलेली. आणि आगीवर फेकून मारायचा काचेचा गोळा, आत पाण्यासारखा द्रव.

रचना: १० × ६ × ३ मीटरची एकच खोली, खाली जायला एक लिफ्ट, तापमान १८ अंश, आर्द्रता ४० टक्के, ॲल्युमिनियमचे रॅक, आग विझवायला कार्बन डायऑक्साइडचे सिलिंडर, आणि कोपऱ्यात इन्व्हर्टरच्या लेड-ॲसिड बॅटऱ्या. जुलैत सलग तीन दिवस पाऊस कोसळतो आणि वीज जाते. तिथून कथा सुरू.

कशाने काय बिघडेल, कोणत्या क्रमाने, आणि तिथली माणसं नेमकं काय करतील? आणि जाणकाराला हसू येईल असं यात काय आहे, तेही सांगा.

---

पंपवाला_कोपरी

हसू येण्याजोगी पहिली गोष्ट म्हणजे ‘४० मीटर खोल’. तळघर म्हणजे थंड आणि कोरडं, ही थंड मुलखातली समजूत आहे. काही मीटर खाली गेलं की जमिनीचं तापमान त्या गावाच्या वर्षभराच्या सरासरीवर येऊन थांबतं. ठाण्यात ती सरासरी २७ अंशांच्या आसपास. म्हणजे तुमची खोली बारा महिने २७ अंशांच्या कातळात गाडलेली आहे. आत १८ ठेवायचं तर एसी डोंगराशी कुस्ती खेळत बसणार. उपाय म्हणजे खोलीत खोली: कातळापासून अर्धा-पाऊण मीटर सोडून १०० मिमी पफ पॅनेलची (उष्णता अडवणाऱ्या फोमच्या फळ्यांची) वेगळी पेटी उभी करा. मधल्या बोळातून माणूस फिरता आला पाहिजे, नाहीतर गळती दिसणारच नाही.

दुसरं, पाणी. आपला कातळ बेसॉल्टचा, लाव्हाच्या थरावर थर. पाणी कातळातून झिरपत नाही, भेगांतून येतं. दोन थरांच्या मधे लालसर मातकट पट्टा असतो, तिथून तर हमखास. आणि ते पावसाबरोबर थांबतही नाही, डोंगर पाणी धरून ठेवतो आणि पाऊस सरल्यावरही सोडत राहतो. हे पाणी सिमेंट फासून कोंडू नका. कोंडलेलं पाणी दुसरी वाट काढतं, आणि ती तुमच्या रॅकच्या मागे निघते. भिंतीमागे खाचेदार प्लॅस्टिकचा पत्रा, पायथ्याशी पन्हळ, दर दोन-तीन मीटरवर साफ करायला झाकण. सिमेंटमधला चुना विरघळून पन्हळीत पांढरा दगड होऊन बसतो. दोन-चार वर्षांत नळी गच्च. कथेत कुणाला बेफिकीर दाखवायचं असेल तर ही झाकणं त्याने उघडलेली नाहीत एवढंच दाखवा.

म्हणून माझा सल्ला: खाली जाऊ नका, आडवे जा. पारसिकचा रेल्वेचा बोगदा १९१६ चा, सव्वा किलोमीटरच्या वर लांब, आणि तो डोंगरात आडवाच जातो. तुमच्या दप्तरखान्यालाही बोगदाच द्या, १२० मीटर आत, आणि जमीन आत जाताना चढती ठेवा, २०० ला १. म्हणजे टोकाची जमीन तोंडापेक्षा ६० सेंमी उंच. पाणी स्वतःच्या पायांनी बाहेर जाईल, वीज असो वा नसो.

४० मीटर खड्ड्याचाच हट्ट असेल तर लिफ्टचा खड्डा सगळ्यात खालचा, पाणी आधी तिथे. दोन पंप, एक चालू, एक राखीव. प्रत्येकाला वेगळा फ्लोट, म्हणजे पाणी चढलं की पंप चालू करणारा तरंगता स्विच. एकाच फ्लोटवर दोन्ही पंप टांगलेले असतात आणि तो फ्लोट केबलमध्ये अडकतो, नव्वद टक्के घोटाळे इथलेच (आकडा अंगठ्याने मोजलेला आहे, धरून बसू नका). बाहेर टाकायची नळी खाडीकडे जात असेल तर नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह हवाच, नाहीतर भरतीला खाडी आत येईल. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिमी पाऊस झाला आणि त्यात भरतीची वेळ गाठली गेली. तुमच्या तीन दिवसांना नमुना तोच घ्या.

आता आर्द्रता. जुलैत बाहेर २८ अंश आणि ९० टक्के धरा. त्या हवेच्या एका घनमीटरमध्ये साधारण २४.५ ग्रॅम पाणी असतं. तुमच्या १८ अंश, ४० टक्क्यांच्या हवेत जेमतेम ६. दार उघडून २० घनमीटर हवा आत आली की साडेतीनशे ग्रॅमच्या वर पाणी आत आलं, म्हणजे दीड-दोन पेले. आणि बाहेरच्या हवेचा दवबिंदू २६ अंश, तेव्हा १८ अंशांच्या प्रत्येक वस्तूला घाम फुटणार. वीज गेल्यावर नवखा माणूस ‘हवा खेळू दे’ म्हणून दार उघडतो. जुनी माणसं उलट करतात: दार बंद, कडी, आणि आत-बाहेर करायचंच तर दोन दारांच्या मधल्या खोलीतून, एका वेळी एकच दार.

बॅटऱ्या तिथून काढा. चार्ज होताना हायड्रोजन सुटतो, हवेत ४ टक्के झाला की पेट घेतो. नायट्रेट फिल्मशेजारी बॅटऱ्या म्हणजे कमालच आहे.

---

रीळघर

नायट्रेटबद्दल. पंपवाल्यांनी आडवं जायला सांगितलं ते या डब्यांसाठीही बरोबर आहे, कारण वेगळं.

नायट्रेटला जळायला बाहेरचा प्राणवायू लागत नाही, तो फिल्मच्या रसायनातच असतो. कार्बन डायऑक्साइड सोडा, खोली गच्च बंद करा, पाण्यात बुडवा, पेटलेलं रीळ जळतच राहतं. त्यामुळे तुमचे सिलिंडर डबे वाचवणार नाहीत. उलट आत अडकलेला माणूस मारतील: आग विझवायला जेवढा गॅस भरावा लागतो त्याच्या निम्म्यानेही माणूस मिनिटभरात शुद्ध हरपतो. नायट्रेटवर पाणी मारतात ते पेटलेल्या रिळासाठी नाही, शेजारची रिळं थंड ठेवायला. आणि जळताना जो वायू सुटतो त्याला बाहेर पडायला वाट हवी, ती नसली तर खोलीच फुटते. म्हणून नायट्रेटची कोठी बाहेरच्या भिंतीला लागून, भिंतीत दाबाने उघडणारी झडप, झडपेसमोर रस्ता नाही, माणसांची ये-जा नाही. बोगद्याच्या तोंडाशी डाव्या हाताला एक छोटी वेगळी कोठी द्या. ४० मीटर खाली नायट्रेट कुणीही ठेवणार नाही.

कथेसाठी खरा दाखला हवा तर अमेरिकेतलं क्लीव्हलंड, १५ मे १९२९. एका दवाखान्याच्या तळघरात एक्स-रेची नायट्रेट फिल्म साठवलेली होती. ती पेटली आणि १२३ माणसं गेली. बहुतेक ज्वाळांनी नाही, वायूने. आपल्याकडे २००३ साली पुण्यात नायट्रेटची कोठी जळाली, त्यात मूक चित्रपटांच्या काळातला ठेवा गेला. ‘वस्तू गेली की वर्ष गेलं’ हे तुमचं गृहीतक वाटतं तितकं खोटं नाही.

तो वायू तपकिरी, नायट्रोजन डायऑक्साइड. हुंगल्यावर घसा खवखवतो, खोकला येतो, मग बरं वाटतं. माणूस घरी जातो, जेवतो. फुप्फुसात पाणी भरायला लागतं ते काही तासांनी, कधी दुसऱ्या दिवशी. तुमच्या पात्राला लगेच कोसळवू नका. त्याला रात्री घरी मरू द्या, वैद्यकीयदृष्ट्या तेच खरं.

डबा उघडल्यावर काय दिसतं ते क्रमाने लिहून ठेवा. आधी चित्र फिकट आणि तपकिरी होतं, कुबट आंबूस वास येतो. मग पृष्ठभाग चिकट, वेटोळी एकमेकांना धरतात. मग फुगे, मधासारखा फेस, कडेने गळणारा. मग सगळ्याचा एक घट्ट गोळा. शेवटी तपकिरी भुकटी. डब्याच्या आतल्या कडेला गंजाची तपकिरी पूड पडलेली असते, ती आणि फिल्मची भुकटी पहिल्या नजरेत सारखीच दिसतात, इथेच चूक होते. पहिल्या दोन टप्प्यांतली फिल्म वाचते, तिची नक्कल करता येते. तिसऱ्यापासून पुढे तुकडे कापून वाचेल तेवढं वाचवायचं, उरलेलं पाण्याच्या पिंपात बुडवून परवानाधारक माणसांच्या हवाली. कोरड्या अवस्थेत खरवडायचं नाही.

ताजी फिल्म १५० अंशांच्या वरच पेटते. पण कुजत चाललेली, घट्ट डब्यात, बरेच दिवस ४० अंशांच्या आसपास राहिली तर आपोआप पेटू शकते. रासायनिक क्रियेची उष्णता, ती बाहेर जात नाही, त्यामुळे क्रिया आणखी जोरात. म्हणून डबे हवाबंद नसतात, झाकणाला भोकं असतात. साठवण शक्य तितकी थंड, २ अंशांपर्यंत, आर्द्रता २० ते ३०. तुमची १८ आणि ४० पोथ्यांसाठी चालून जाईल, फिल्मला नाही.

थंड कोठीतून डबा काढताना: आधी पिशवीत घालून तोंड बंद, मग मधल्या खोलीत २४ तास, मग उघडायचा. घाई केली तर दव फिल्मवर बसतं आणि इमल्शन, म्हणजे चित्राचा थर, सुटतं. वीज गेल्याच्या दिवशी कुणीतरी रीळ ‘वाचवायला’ थंड कोठीतून थेट बाहेर आणतो, असा प्रसंग हवा असेल तर घ्या. वाचवण्याच्या नादात नासवलं, हे रोजचं आहे.

ओळखायचं कसं? ३५ मिमीच्या कडेला ‘नायट्रेट’ किंवा ‘सेफ्टी’ (म्हणजे सहज न पेटणारी फिल्म) छापलेलं असतं. पण नक्कल काढताना जुन्या रिळाची कडही नव्यावर उमटते, म्हणून दोन्ही शब्द एकाच फिल्मवर सापडू शकतात. १६ मिमी फिल्म १९२३ साली आली तीच सेफ्टीवर, तेव्हा पात्राच्या हातात १६ मिमीचं नायट्रेट देऊ नका. तुकडा जाळून बघायची परीक्षा तर कथेतही नको, वाचक करून बघतात.

सव्वादोन किलोचं एक रीळ, १००० फूट, बोलपटाच्या वेगाने ११ मिनिटं. ६ डबे म्हणजे जेमतेम तासभर. तेव्हाच्या बोलपटाला इतकेच पुरत नाहीत, तर उरलेले डबे कुठे गेले हे तुम्हाला सांगावं लागेल. की तीच कथा आहे?

---

खाडीकाठ

तीच कथा आहे! झडप, वेगळी कोठी आणि आडवा बोगदा घेतला. सिलिंडर आणि बॅटऱ्या काढल्या. घड्याळं आणि बॅरोमीटर एकाच कोठीत ठेवू का? ५ × ४ × ३ मीटरची एक कोठी शिल्लक आहे.

---

मापारी

एकत्र ठेवा, पण त्या कोठीचा पंखा हेच तुमचं पात्र समजा.

रेडियम-२२६ चं अर्धायुष्य १,६०० वर्षं. तबकडी अंधारात चमकत नाही म्हणून ती मेली, असं लोक धरतात. मेलंय ते जस्त सल्फाइड, ज्याच्यामुळे उजेड पडायचा. रेडियम आहे तितकंच आहे. त्यातून रेडॉन वायू सुटतो, अर्धायुष्य ३.८ दिवस, आणि बंद तळघरात तो साचतो.

आकडे काल्पनिक धरून गणित करून देतो, कथेला पुरेल. ४० नग, प्रत्येकी ५० हजार बेकरेल (किरणोत्सार मोजायचं एकक), एकूण २० लाख. त्यातला दहावा हिस्सा रेडॉन तबकडीबाहेर पडतो असं धरा: २ लाख. तुमची कोठी ६० घनमीटर. पूर्ण बंद ठेवली तर हळूहळू घनमीटरला ३,३०० बेकरेलपर्यंत चढेल. जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस घरासाठी १०० ची आहे. पण पंख्याने तासाला एकदा हवा बदलली तर तोच आकडा २५ वर राहतो. वीज गेली, पंखा थांबला, की पहिल्या दिवसाअखेर साधारण साडेपाचशे, तिसऱ्या दिवशी १,४०० च्या आसपास. याने तीन दिवसांत कुणालाही काही होणार नाही. रेडॉनचा धोका वर्षानुवर्षांच्या श्वासाचा, फुप्फुसाच्या कर्करोगाचा. तुमच्या कोठीपालाने वीज वाचवायला वर्षभर पंखा बंद ठेवला, असं काही असेल तर गोष्ट वेगळी.

आत शिरण्यापूर्वी तासभर पंखा, मग माणूस. हवा खालून ओढून थेट डोंगराबाहेर, बोगद्यात नाही.

घड्याळ उघडायचं नाही. तबकडीवरचा रंग ठिसूळ होऊन पूड पडते आणि ती पोटात किंवा फुप्फुसात जाणं हाच खरा धोका. प्रत्येक नग जाड झिपच्या पिशवीत, पिशवी डब्यात, डब्यावर क्रमांक. काच फुटलेले नग वेगळे. हाताळणं नायट्राइल हातमोज्यांनी, आणि मोजे काढताना आतली बाजू बाहेर. असा साठा खरोखर सापडला तर अणुऊर्जा नियामक मंडळाला कळवावं लागतं, ते मुंबईतच अणुशक्तीनगरला आहे. कथेतल्या माणसांनी कळवलेलं नाही, हा त्यांचा पहिला गुन्हा ठरू द्या.

आता पारा. ६ मिमी छिद्राची नळी आणि ७६० मिमी उंची, म्हणजे नुसत्या नळीतच पाव किलोच्या वर पारा, खालच्या कुंडीतला वेगळा. बॅरोमीटर आडवा उचलून पळायचं नसतं. कुंडीचा स्क्रू पिळून पारा वर चढवायचा. नळी भरत आली की यंत्र अगदी सावकाश तिरकं करायचं आणि कान द्यायचा. पारा वरच्या काचेला टेकताना ‘टिक’ असा धातूचा आवाज येतो. आवाज खणखणीत आला तर वर निर्वात जागा शाबूत होती. बद्द आला तर हवा शिरलेली आहे. मग उलटं करून, कुंडी वर ठेवून, उभंच न्यायचं. पात्र घाईत असेल आणि तो ‘टिक’ ऐकायला थांबलं नाही, तर पारा वरच्या टोकावर आदळून नळी फुटते.

सांडला तर: सोन्याची अंगठी, बांगडी आधी काढा, पारा सोन्याला चिकटतो. झाडू नाही, व्हॅक्यूम क्लीनर तर मुळीच नाही, त्याने पाऱ्याची वाफ खोलीभर पसरते. जाड कागदाच्या दोन पट्ट्यांनी थेंब एकत्र ढकला, ड्रॉपरने ओढा, घट्ट झाकणाच्या बाटलीत. बारीक राहिलेल्यांवर गंधकाची पूड. २५ अंशांना बंद खोलीतली हवा पाऱ्याच्या वाफेने पूर्ण भरली तर घनमीटरला २० मिलिग्रॅमच्या आसपास, कामाच्या जागेची मर्यादा ०.०२५. म्हणजे ८०० पट. थंड खोलीत हे कमी होतं, २७ अंशांच्या डोंगरात वाढतं, पुन्हा पंपवाल्यांचाच मुद्दा.

जमीन कडाप्पा किंवा कोट्याची नको, सांध्यात थेंब अडकले की निघत नाहीत. कातळाची तर नकोच. सांधा नसलेलं इपॉक्सी, भिंतीवर १० सेंमी चढवलेलं, एका कोपऱ्याकडे हलकासा उतार. बॅरोमीटरखाली पत्र्याचा पसरट ट्रे, आणि तो ॲल्युमिनियमचा नाही. ॲल्युमिनियमवरचा ऑक्साइडचा पापुद्रा एकदा खरवडला गेला आणि पारा लागला की धातूतून पांढरी पिसं उगवायला लागतात. खरंच उगवतात, बघता बघता. रॅक पोकळ होऊन खाली येतो. म्हणून रॅक पावडर कोटिंगच्या लोखंडाचे, सगळ्यात खालचा खण जमिनीपासून १५ सेंमी वर. पण पिसं उगवलेला रॅक कथेत दाखवायचा असेल तर एक ॲल्युमिनियमचा राहू द्या, तुमची मर्जी.

---

पोथीनिशी

सगळे पोथ्यांना निरुपद्रवी धरून चाललेत. तसं नाही.

जुन्या पोथीत चूक झाली की लेखक खोडत नसे. त्या ओळीवर हरताळ फासत असे, पिवळा लेप, आणि वाळल्यावर वाटल्यास त्यावरच नवीन अक्षर. ‘हरताळ फासणे’ हा वाक्प्रचार तिथला. हरताळ म्हणजे आर्सेनिक सल्फाइड. काही कागद किडीपासून वाचावा म्हणून हरताळ लावून पिवळाही केलेला असे. लाल समास आणि दंड हिंगुळाचे, म्हणजे पाऱ्याचं सल्फाइड. या दोन रंगांच्या पानांवर बोट फिरवायचं आणि पान उलटायला तेच बोट जिभेला लावायचं, ही सवय तुमच्या पंडितांना असेल, तर तिथेच थांबवा.

रंग कागदावर घट्ट असेल तोवर धोका कमी. ओलावा आणि उजेड यांनी हरताळ हळूहळू बदलतो, त्यातून आर्सेनिकचं जास्त विषारी ऑक्साइड तयार होतं, आणि लेप पूड होऊन शेजारच्या पानावर उतरतो. म्हणून उजेड कमीत कमी, आर्द्रता ४५-५० च्या आसपास स्थिर. कागदाला ४० चालते, पण ताडपत्र असेल तर फार कोरड्या हवेत ते तडकतं. बाराही पोथ्या कागदाच्या की काही ताडपत्राच्या, ते ठरवून घ्या.

आणि तुमच्या कथेसाठी सगळ्यात कामाची गोष्ट: शाई काजळ आणि डिंकाची असेल तर हरताळाखालचं अक्षर इन्फ्रारेड कॅमेऱ्यात वाचता येतं. हरताळ त्या किरणांना आरपार जाऊ देतो, काजळी अडवते. लोखंडाच्या क्षारांची शाई असेल तर तेवढं भाग्य नाही. पुसलेलं वर्ष शोधायला तुम्हाला मंत्र-तंत्र लागणारच नाही.

रुमाल उघडल्यावर आधी वास घ्यायची खोड असते. घेऊ नका. गेल्या शतकात पोथ्यांवर डीडीटी, गॅमेक्सिन असल्या पावडरी सढळ हाताने टाकल्या गेल्यात, कापडाच्या घडीत ती पांढरी पूड असते आणि ती बुरशी समजून लोक फुंकर मारतात. डांबरगोळ्याही काढा. त्यांची वाफ थंड जागी पुन्हा स्फटिक होऊन पानांवर बसते. वेखंडाची पुरचुंडी ठेवली तर हरकत नाही, पण त्याने सगळी कीड मरते असं समजू नका.

भिजल्यावर काय? ४८ तास. त्यानंतर बुरशी. तुमच्या तीन दिवसांच्या गणितात पोथ्यांची मुदत दुसऱ्या रात्रीच संपते. भिजलेली पोथी उलगडायची नाही, जशी आहे तशी मेणकागदात गुंडाळून गोठवायची, शून्याखाली २० च्या जवळपास. मग सवडीने सुकवायची. वीज नसताना फ्रीझर कुठून येणार? मासळीबाजारात बर्फ मिळेल, पण बर्फ म्हणजे शून्य अंश, त्याने एखाद-दुसरा दिवस मिळतो, जास्त नाही. लाल रुमालाचा रंग मात्र बघा: ओला झाला की सुटतो आणि पानांच्या कडा गुलाबी होतात. आतून एक पांढरं धुवट सुती कापड हवं. नोंदीच्या चिठ्ठ्या पेन्सिलीने, शाईने लिहिलेला क्रमांक पाण्यात जातो आणि मग कोणतं वर्ष कोणत्या रुमालात ते तुमच्या पात्रांनाही कळणार नाही.

नोंदवहीची एक प्रत डोंगराबाहेर ठेवा. हे सांगायची गरज नसावी, पण असते.

---

रीळघर

बाटलीबद्दल कुणी बोललं नाही म्हणून. बुचाभोवती पिवळी खर आणि जुनी प्रयोगशाळा म्हटलं की पिक्रिक ॲसिड धरून चालायचं. ओलं असताना ते त्यातल्या त्यात शांत, कोरडं झालं की स्फोटक. आट्यांत अडकलेले स्फटिक बूच पिळताना घासले जातात, तेवढं पुरतं. धातूचं झाकण असेल तर आणखी वाईट. म्हणून करायचं ते एवढंच: हात लावायचा नाही, हलवायची नाही, लेबल वाचायला उचलायचीही नाही, खोली रिकामी करायची आणि पोलिसांना फोन. पुढचं काम बॉम्बशोधक पथकाचं. तुमच्या पात्राने ती उचलून उजेडात धरली तर पुढच्या ओळीत ते पात्र नसेल.

गोळ्यात मिठाचं पाणी असू शकतं, पण विसाव्या शतकातला असेल तर बहुधा कार्बन टेट्राक्लोराइड. तोलून बघितला तर कळतं, पाण्याच्या दीडपटीहून जास्त जड. आगीवर फुटला की त्याच्यापासून फॉस्जीन तयार होतो, पहिल्या महायुद्धात वापरलेला विषारी वायू. म्हणजे नायट्रेट पेटलंय आणि कुणी शहाणा भिंतीवरचा गोळा उचलून मारतो, तर खोलीत आता दोन वायू, आणि दोन्हींची लक्षणं उशिराच दिसतात. ही दोन नावं एका कोठीत नकोत.

---

खाडीकाठ

बाटली पहिल्याच प्रकरणात पथकाकडे जाईल. गोळा दुसऱ्या टोकाला. आता शेवटचं: वीज नाही, डिजिटल मीटर बंद, पंखे बंद. कुठल्या क्षणी काय बिघडलं हे नंतर आलेल्या माणसाला कशावरून कळेल? संगणकातली नोंद नकोय.

---

मापारी

थर्मोहायग्रोग्राफ ठेवा. विजेची गरज नाही. चावीवर चालणारं पिंप, त्याला कागदाचा पट्टा गुंडाळलेला, सात दिवसांत एक फेरी. दोन लेखण्या: वरची तापमानाची, तिला दोन धातूंची वाकणारी पट्टी हलवते. खालची आर्द्रतेची, तिला माणसाच्या केसांची एक जुडी. केस दमट हवेत लांबतो, कोरड्या हवेत आखडतो, तेवढ्यावर लेखणी वर-खाली होते. शाई ग्लिसरीनची, म्हणून ती निबेत सुकत नाही. केसांना बोट लावायचं नाही, हाताचा तेलकटपणा लागला की ते दमटपणा पकडेनासे होतात. महिन्यातून एकदा यंत्राभोवती ओलं फडकं गुंडाळून तासभर ठेवायचं, लेखणी ९५ च्या आसपास आली पाहिजे, नसेल तर स्क्रूने आणायची.

तुमच्या पट्ट्यावर असं दिसेल. आर्द्रतेची रेघ ४० वर सपाट. वीज गेली तिथून ती हळूहळू चढते, तापमानाचीही, दोन्ही मऊ वळणाने. कुणी दार उघडलं की आर्द्रतेची रेघ खिळ्यासारखी सरळ वर, मग उतरते. किती वेळा उघडलं ते मोजता येतं. पंपवाल्यांनी सांगितलेली बंद दाराची शिस्त कुणी, कधी मोडली, ते नंतर आलेल्या माणसाला अंदाजे अर्ध्या तासाच्या फरकाने कळेल. सात दिवसांचा पट्टा त्याहून बारीक वाचता येत नाही, तेव्हा तुमच्या पात्राला ‘दुपारी ३ वाजून १२ मिनिटांनी’ असं म्हणायला लावू नका.

पट्टा दर सोमवारी बदलायचा आणि त्याच वेळी चावी द्यायची. बदलणारा माणूस आला नाही आणि चावी शिल्लक असली तर पिंप थांबत नाही. लेखणी पहिल्या आठवड्याच्या रेघेवरच दुसरा आठवडा काढत जाते. दोन्ही रेघा एकाच शाईच्या. कोणती कधीची, हे त्या कागदावरून सांगता येत नाही.